बंदर सोडू नको

वऱ्हाडात बंदर म्हटलं की माणूस आधी छपराकडे बघतो. कवेलू फुटले असणार, वाळवणाचं वाटोळं झालं असणार. शाळेच्या पुस्तकात बंदर म्हणजे जहाजं थांबायची जागा, हे ठाऊक होतं. पण पुस्तकातलं पुस्तकात. अमरावतीच्या बाईनं समुद्र बघितलेला नसतो आणि काळतोंडी वानरं, म्हणजे आमचे बंदर, रोज बघितलेली असतात. माझ्या सासूबाईंनी या एका शब्दाचा जो घोळ घातला, त्याला घरातले सगळे हसले. मीही हसले होते. आता त्याचं हसू येत नाही आणि रडूही येत नाही. तो शब्द मात्र डोक्यातून जात नाही, म्हणून लिहायला बसले आहे.

सासरे अमरावतीला वकील होते. शिक्षण पुण्याचं झालेलं, त्यामुळे घरात वऱ्हाडी बोललेलं त्यांना खपत नसे. कोणी ‘मले’, ‘तुले’ म्हटलं की कपाळाला आठ्या. सासूबाई भातकुलीकडच्या, भिक्षुकाच्या घरच्या. त्यांनी ‘मला’ म्हणायला शिकायचं उभ्या जन्मात मनावर घेतलं नाही. दोघांचा संसार दोन बोलींत चालला होता आणि बरा चालला होता. त्यांचा एकुलता मुलगा माझा नवरा. वकिली शिकायची सोडून त्याला काडेपेट्या करायला शिकायचं होतं, आणि त्यासाठी तो जपानला गेला.

तो गेला तेव्हा मी अकोल्याला माहेरी होते. हे बरंच झालं. सासरी सगळ्यांदेखत नवऱ्याला निरोप देणं शक्यच नव्हतं. मी स्वयंपाकघरात पोळ्या लाटत राहिले असते आणि टांगा निघून गेला असता. बडनेऱ्याहून येणारी मुंबईची गाडी अकोल्याला थांबते, म्हणून माझे वडील मला घेऊन स्टेशनावर गेले. तो खिडकीशी बसला होता. मी पुऱ्या आणि शेंगदाण्याची चटणी बांधून आणली होती, ती दिली. वडील उगाच दुसरीकडे बघत उभे राहिले. तो म्हणाला, “मेळघाटातली सावर काडीला फार चांगली म्हणतात. आलो की परतवाड्याला कारखाना काढू.” तेवढ्यात गाडी हलली. मला वाटलं होतं, माझ्याबद्दल काही बोलेल. तो सावरीच्या लाकडाबद्दल बोलला. मला राग आला होता, आणि तो राग घेऊनच मी घरी आले.

समुद्र ओलांडला म्हणून गावातल्या काही घरांनी आमच्याकडे जेवायला येणं बंद केलं. सासरे म्हणाले, तेवढे तांदूळ वाचले. मग काही महिन्यांनी रशिया आणि जपान यांचं जुंपलं, आणि तीच घरं रोज संध्याकाळी आमच्या बैठकीत येऊन बसू लागली, कारण वर्तमानपत्र आमच्याकडे येत असे आणि आमचा एक माणूस प्रत्यक्ष जपानात होता. जपान म्हणजे जणू अमरावतीचा जावईच झाला. त्याची एक लढाई जिंकली की इथे गल्लीत लोक एकमेकांच्या पाठीवर थापा मारत.

सासऱ्यांनी सतरंजीवर जगाचा नकाशा पसरला होता. रशियाची जहाजं म्हणजे सरकी आणि जपानची म्हणजे तुरीची डाळ. कापसाच्या मुलखात सरकीला तोटा नाही, त्यामुळे रशियाचं आरमार आमच्याकडे फारच मोठं झालं. आम्ही बायका माजघराच्या दाराआड विडे करत बसायचो आणि ऐकायचो. तेवढ्यात जे कानावर पडलं, ते माझं समुद्राचं सगळं शिक्षण.

दिवाळीच्या सुमाराला रशियाचं दुसरं आरमार निघालं, पार पलीकडच्या अंगाच्या समुद्रातून. अर्ध्या पृथ्वीला वळसा घालून ते जपानवर येणार होतं. बैठकीतले एकजण घाबरले. सासरे म्हणाले, “घाबरता काय? वाटेत त्यांचं स्वतःचं एक बंदर तरी आहे का? इंग्रज त्यांना थारा देत नाही. फ्रेंच देतात, तेही तोंडदेखलं. कोळसा भर समुद्रात जहाजावरून जहाजावर चढवतात. अहो, जानवसाच नाही अशी वरात! नवरदेवाला उतरायला जागा नाही, पाय धुवायला पाणी नाही, आणि मांडवात जाऊन मारामारी करणार म्हणे. समुद्र कोणाचा? ज्याची वाटेवर बंदरं त्याचा.” सगळे हसले. मला ते अगदी पटलं. लग्नात मुलीकडच्यांनी जानवसा वाईट दिला तर काय होतं, हे मी स्वतःच्या लग्नात बघितलं होतं.

पण आमच्या घरी या आरमाराची खरी भीती वेगळी होती. माझ्या नवऱ्याचं शिक्षण संपत आलं होतं आणि थंडीत तो निघणार होता. रशियाची जहाजं वाटेत कोणाचंही जहाज अडवतात, झडती घेतात, बुडवतातही, असं वर्तमानपत्रात आलं होतं. सासऱ्यांनी दोन दिवस विचार केला आणि तार केली. तार इंग्रजीत होती. संध्याकाळी जेवताना त्यांनी तिचं मराठी आम्हाला सांगितलं, “मी कळवलंय, आरमाराचा निकाल लागेपर्यंत बंदर सोडू नको.”

सासूबाई वाढता वाढता थांबल्या. “बंदर? त्यानं तिथं बंदर पाळलं का?”

सासऱ्यांच्या हातातला घास खाली पडला.

“घरावर एवढे बंदर हायेत,” सासूबाई म्हणाल्या, “तिथं जाऊन आनखी पाळाची काय गरज होती? आन पाळलं तं पाळलं, सोडू नको म्हनून तार काहून केली तुमी?”

सासरे इतके हसले की त्यांना ठसका लागला. मी पदर तोंडात कोंबला. मग त्यांनी नीट समजावून सांगितलं, की हे बंदर म्हणजे जहाजांचा जानवसा, कोबे नावाचं गाव आहे, आपला मुलगा तिथे आहे. सासूबाईंनी ऐकून घेतलं. म्हणाल्या, “असंल. पन शब्द तं तोच हाये ना?”

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी वानरांवर दगड मारायला घरात बंदी केली. रोज सकाळी पूजा झाली की मागच्या भिंतीवर मूठमूठ चणे ठेवायच्या. वानरंही आठवडाभरात शहाणी झाली, वेळेवर येऊन ओळीनं बसू लागली. पापड गेले, कवेलू गेले. सासरे वैतागून म्हणाले, हा काय खुळेपणा! त्या म्हणाल्या, “तुमीच म्हनलं ना, बंदर सोडू नको? मी नाई सोडत.”

संक्रांतीच्या आधी पोर्ट आर्थर पडलं. ते रशियानं परमुलखात घेतलेलं बंदर, तिकडच्या समुद्रातलं त्यांचं मोठं ठाणं. आत त्यांची जहाजं होती, ती बाहेर पडून लढलीच नाहीत म्हणे. जपान्यांनी शेजारच्या टेकडीवरून तोफा डागून ती जागच्या जागी बुडवली. दुसरं आरमार तेव्हा अजून आफ्रिकेजवळच्या एका बेटापाशी अडकलं होतं. ज्या घरी जायला निघालं, ते घरच गेलं. सासऱ्यांनी नकाशावरची तिथली सरकी तळहातानं पुसून काढली आणि म्हणाले, “लक्षात ठेवा. बंदरात बसून राहिलेलं आरमार बंदरातच मरतं.” वाक्य सगळ्यांना आवडलं. एका वकीलसाहेबांनी ते दुसऱ्या दिवशी कोर्टातही म्हणून दाखवलं.

सासूबाई तीळ निवडत होत्या. रात्री जेवताना म्हणाल्या, “मंग आपलं पोरगं?”

“अगं, ते वेढा पडलेलं बंदर होतं. हे जपानचं स्वतःचं. तिथे त्याच्या केसालाही धक्का लागणार नाही.”

हे त्यांचं म्हणणं खरं होतं. मी आजही तेच म्हणेन. कोबेवर रशियाचा एक गोळासुद्धा पडला नाही.

हळदीकुंकवाला बायका विचारायच्या, “कवा येते मालक?” मी सांगायची, “रशियाचं आरमार गेलं की.” त्या माझ्याकडे बघत राहायच्या. मलाही ते ऐकायला विचित्र वाटे, पण दुसरं काय सांगणार? होळीच्या सुमाराला आरमार त्या बेटावरून हललं. गुढीपाडवा झाल्यावर बातमी आली, की ते सिंगापूरवरून गेलं, लोकांनी किनाऱ्यावरून धूर बघितला. घरात सगळ्यांना जपान जिंकायला हवा होता. मला कोणीच जिंकायला नको होतं. मला फक्त ते संपायला हवं होतं. दाराआड बसून मला वाटे, त्या मेल्यांना कोणीतरी एक बंदर द्या, कोळसा द्या, पाणी द्या, आणि एकदाचं जाऊ द्या पुढे. वाट बघून बघून माझ्या मनाला घट्टे पडले होते. त्याचा चेहरा आठवायला गेलं की खिडकीचे गज आधी आठवत.

वैशाख संपता संपता ते झालं. सगळं आरमार एका लढाईत बुडालं. आमच्या दारात पेढे वाटले गेले. लोक सासऱ्यांनाच शाबासकी देत होते, कारण जानवसा नसलेल्या वरातीचं काय होणार हे त्यांनी आधीच सांगितलं होतं. त्यांनी उरलेली सरकी गोळा करून गाईपुढे टाकली, नकाशा गुंडाळला आणि त्याच दुपारी तार केली, की आता नीघ. सासूबाईंनी माझ्यासाठी हिरव्या बांगड्या आणवल्या. मी त्या भरल्या. आनंद व्हायला हवा होता, पण आत काही हललं नाही. मला वाटलं, तो दिसला की होईल.

तिकडून तार आली ती त्याच्या शाळेतल्या मास्तरांची. त्याला विषमज्वर झाला होता. कोबेत त्या वर्षी तो बऱ्याच जणांना झाला होता. ‘नीघ’ ही तार पोहोचली तेव्हा तो नव्हता.

सासऱ्यांनी ती ओट्यावर उभ्यानं वाचली आणि तिथेच खाली बसले. सासूबाईंनी विचारलं, काय लिहिलं? मग शेजारच्या वकीलसाहेबांनी वाचून सांगितलं. सासूबाईंनी हंबरडा फोडला. मला काही वाटलं नाही. हे मी जसं होतं तसं लिहिते आहे. बांगड्या फोडल्या, कुंकू पुसलं, ते दुसऱ्या कोणाच्या तरी हाताला आणि कपाळाला चाललं होतं. माझ्या मनात एवढंच येत होतं, की चुलीवर दूध ठेवलंय, ते उतू जाईल. पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी दिला, कारण द्यायला दुसरं काही नव्हतं. माझे वडील अकोल्याहून आले, मला चल म्हणाले. मी म्हटलं, बघू. जाणं आणि राहणं यांत मला फरक दिसत नव्हता.

सासऱ्यांना कोणी दोष दिला नाही. द्यायचा तरी कशाचा? थंडीत निघाला असता तर सुखरूप आला असता, हे घरात प्रत्येकाला कळत होतं आणि कोणी ते म्हटलं नाही. बैठकीतली मंडळी समाचाराला आली. ज्यांनी ते बंदराचं वाक्य कोर्टात म्हटलं होतं, तेही आले आणि खाली मान घालून बसून गेले. सासरे त्यांना ‘या’ म्हणत. सासूबाई भिंतीकडे तोंड करून पडून असत. चण्यांचा डबा त्यांनी पुन्हा उघडला नाही.

वानरांना सुतक कळत नाही. ती रोज वेळेवर येत, भिंतीवर ओळीनं बसत आणि वाट बघून कवेलू उलटेपालटे करून जात. सुतक फिटल्यावर एका सकाळी आमच्या गड्यानं दगड उचलला. मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होते. मी त्याला थांबवलं नाही. मारला तर मारला.

“थांब!” असा आवाज आला. सासरे मागच्या दारात उभे होते. गड्यानं दगड टाकला. ते थोडा वेळ वानरांकडे बघत राहिले. वानरंही त्यांच्याकडे बघत राहिली. मग ते वळले आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी आले. माझ्याशी ते समोरासमोर कधी बोलत नसत. काही हवं असलं तर सासूबाईंना सांगत किंवा नुसतं खाकरत. मी पदर पुढे ओढून भिंतीला लागून उभी राहिले.

“चने कुठी हायेत?” ते म्हणाले. आवाज ओळखू येत नव्हता. “दे मले.”

आतल्या खोलीत सासूबाई उठून बसल्याचं मला त्यांच्या बांगड्यांच्या आवाजावरून कळलं. मी फळीवरचा डबा काढून सासऱ्यांच्या हातात दिला. ते मागच्या दारानं बाहेर गेले. मी तिथेच खाली बसले, आणि त्या एका ‘मले’साठी, तार आल्यापासून पहिल्यांदा, मला रडू फुटलं.