मुक्या लाटेला लाइन क्लिअर

मी आकाशगंगा लिहिते. म्हणजे पोटासाठी एका ज्युनियर कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवते आणि सुट्टीत विज्ञानकथा लिहिते. घरी त्याला 'तुझं ते तारेबिरे' म्हणतात. मागच्या कादंबरीसाठी मी एक आख्खी आकाशगंगा रचली आणि तिचं नाव ठेवलं आडरान.

त्या आडरानात एक मुकी लाट फिरते. तिला उजेड नाही, आवाज नाही, कुठल्याही यंत्रावर ती दिसत नाही. ती येऊन गेली की तारे होते तिथेच जळत राहतात, ग्रह फिरत राहतात, कुणाच्या केसालाही धक्का लागत नाही. फक्त माणसं एकमेकांना ओळखेनाशी होतात. नवरा-बायको समोरासमोर जेवायला बसतात आणि समोर कोण बसलंय हे विचारायची त्यांना लाज वाटते. लाट कुठून येते आणि कशासाठी, हे मी शेवटपर्यंत सांगितलं नाही, कारण मलाच ठाऊक नव्हतं. नियम एकच घातला होता. लाट यायच्या आत आपल्या माणसाशी जे बोलून घ्याल तेवढं टिकतं, बाकीचं गेलं.

अप्पा, म्हणजे माझे वडील, होटगी जंक्शनला रेल्वेचे सांधे बदलणारे पॉइंट्समन होते. निवृत्तीनंतर त्यांना विसर पडायला लागला, तेव्हा मी त्यांना आणि आईला शुक्रवार पेठेत माझ्याकडे आणलं. संध्याकाळ झाली की अप्पा चपला शोधायचे आणि ड्यूटीला निघायचे. त्यांना बसवून ठेवायला मी हाताशी होतं तेच वाचून दाखवू लागले, माझी कादंबरी. ते बातम्या ऐकाव्यात तसे कान देऊन ऐकायचे. एके दिवशी मधेच म्हणाले, "कुटवर आलीय?"

"कोण?"

"लाट. कुटलं स्टेशन सोडलं तिनं?"

मला हसू फुटलं. आई कोपऱ्यात लसूण सोलत होती, ती हसली नाही. वर न बघता म्हणाली, "गुलबर्गा सोडलं म्हनं."

आता आईबद्दल सांगायला हवं. अप्पांनी तिला मारलं ते चवीनं मारलं. भाकरी गार झाली म्हणून, पाहुण्यांसमोर बोलली म्हणून, बोलली नाही म्हणूनही. हातातल्या बावट्याची काठी असायचीच. तिचा डावा हात कोपरातून अजून सरळ होत नाही, आणि विहिरीवर घसरून पडले असं दवाखान्यात तिनंच सांगितलं होतं. आता तिला नवऱ्याकडून एकच गोष्ट हवी होती. 'चुकलं' एवढा एक शब्द, आणि तोही तिला ओळखत असताना. पार विसरून गेल्यावर म्हटलेल्या शब्दाला काय किंमत?

आणि माझ्या लाटेनं तिच्या हातात आयतं कोलीत दिलं. दुसऱ्या दिवशी लाट दुधनीला आली. मग अक्कलकोट रोडला. अप्पांची गाळण उडाली.

"मी लाइन क्लिअर दिलेली न्हाय," ते ओरडले. "मग सुटली कशी ती?"

पुढची वाट मोकळी आहे, गाडी सोडा, असा निरोप म्हणजे लाइन क्लिअर. तो द्यायचं काम स्टेशनमास्तरचं, पण आजारपणात अप्पांनी स्वतःला बढती देऊन टाकली होती.

"तिला कशाला लागतंय तुमचं लाइन क्लिअर?" आई म्हणाली. "काय ऱ्हायलंय ते बोलून घ्या आदी."

"काय ऱ्हायलंय?"

"तुमाला म्हाईत हाय की."

"जा, च्या आन," अप्पा म्हणाले. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, ते आमच्या घरी येऊन बघावं.

आईनं लाट तिलाटीला आणली आणि तिथं थांबवून ठेवली. तिलाटीच्या पुढं होटगीच. अप्पा जेवेनात. खिडकीचा गज धरून उभे राहायचे आणि गल्लीतून रिक्षा गेली तरी दचकायचे. एकदा धोतरातच झालं. आईनं ते बदललं, अंग पुसलं, नीट निरी घालून दिली आणि कानाशी वाकून गोड आवाजात म्हणाली, "तिलाटी सोडली वो."

मी तिला अडवलं नाही. आजारी म्हाताऱ्याला असं छळायचं का, असं कुणी विचारेल. छळायचं. तो कोपर ज्यांनी पाहिलेला नाही त्यांनी मला शहाणपण शिकवू नये. लाट स्टेशनबाहेरच्या आउटर सिग्नलला उभी आहे म्हणून सांग, हे तर मीच सुचवलं होतं.

तो रविवार होता. आईनं दुपारीच वेणी घातली, ठेवणीतलं इरकल नेसली आणि अप्पांच्या पुढ्यात खुर्ची ओढून बसली. इतकी नटलेली मी तिला माझ्या लग्नातही पाहिली नव्हती.

"आउटरला आलीय," ती म्हणाली. "आता बोला."

अप्पा तिच्या तोंडाकडे बघत राहिले. मग त्यांनी हात जोडले, आणि मला वाटलं, जिंकली आई.

"बाई," ते म्हणाले, "तुमी दवाखान्यातल्या व्हय?"

त्यांनी जोडलेले हात सोडले नाहीत.

"मी बायकूला लई मारलं, बाई. हात मोडला तिचा. तिचा काय गुन्ना नव्हता. चुकलं माजं, लई चुकलं." ते ढसाढसा रडत होते, नाक गळत होतं. सगळं सांगत होते, मला ठाऊक नव्हतं तेसुद्धा. पहिल्या खेपेला तिच्या पोटात लाथ घातली होती, ते मूल राहिलं नाही, ते.

मला राहवेना. "अप्पा, ही आईच आहे. तिलाच सांगा की."

त्यांनी हातानं मला गप्प केलं आणि आईकडे वाकले.

"तिला सांगू नका हां, बाई," ते हळूच म्हणाले. "शेफारंल ती."

आईनं इरकलच्या पदरानं त्यांचं नाक पुसलं.

"न्हाय सांगत," ती म्हणाली.