इशिदा-सानची सदतीस लिंबं

चहा आधी घेऊन टाका. ऐकून झाल्यावर माझ्या घरचं काही प्यायची तुमची हिंमत होईल की नाही, काय सांगू!

मला स्वस्थ बसवत नाही, हे तुम्हाला माहीतच आहे. सॉफ्टवेअर टेस्टिंगचं काम घरून करते. दोन मीटिंगांच्या मध्ये दहा मिनिटं मिळाली की कपाट आवरायला घेते. स्वतःचं आवरून संपलं की शेजाऱ्यांचं दिसायला लागतं! या खोडीपायी इथे ऑकलंडच्या टाकानिनीत मी जो गाढवपणा केला, तो माझा नवरा श्रीकांत येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला मीठमसाला लावून सांगतो. म्हटलं, तुम्हाला त्याच्याआधी मीच सांगावा.

आमचे शेजारी इशिदा-सान, म्हणजे आपले इशिदाराव. जपानी, रिटायर्ड, एकटे. बायको चार वर्षांपूर्वी गेली, मुलगी नाओमी वेलिंग्टनला. मागच्या शेडमध्ये त्यांच्याकडे एक चकचकीत तांब्याचा बंब आहे. कुंपणावरून मला दिसायचा. ‘जपानी लोक अजून बंबाच्या पाण्याने अंघोळ करतात, शिका काहीतरी!’ असं मी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सगळ्यांना सुनावलंही होतं.

गेल्या वर्षी जूनमध्ये ते तीन आठवडे जपानला निघाले. घराची किल्ली माझ्या हातात दिली आणि कमरेत वाकले. मीही वाकले. ते पुन्हा वाकले. असं चारदा झाल्यावर म्हणाले, "शुभदा-सान, घरातल्या प्लांट्सना पाणी, प्लीज. अँड लेमन्स, टेक. टेक ऑल!"

आता लिंबाचं झाड होतं पुढे, लेटरबॉक्सपाशी. गोल, गुळगुळीत, मोठ्ठी लिंबं. पण आंबटपणा नावाला नाही हो! वरणावर पिळलं तर वरणालासुद्धा कळणार नाही.

आणि मागच्या अंगणात गेले तर काय? एक काटेरी झाड, त्यावर पांढरी जाळी आणि जाळीत खडबडीत, सुरकुतलेली पिवळी फळं. एकाला नख लावलं मात्र, असा वास सुटला की मी तिथेच उभी राहिले! म्हटलं, हा माणूस किती साधा. चांगली लिंबं कोपऱ्यात ठेवली आहेत आणि त्याला पत्ताच नाही.

"विचार तरी त्यांना," श्रीकांत म्हणाला.

मग विचारलं ना! मेसेज केला, ‘लेमन्स व्हेरी गुड. ऑल टेकिंग?’ लगेच उत्तर आलं, ‘ऑल ओके!’ सोबत वाकणाऱ्या माणसाचा इमोजी.

झालं. जाळी काढली आणि झाड साफ केलं. सदतीस फळं. हातांवर ओरखडेही साधारण तेवढेच.

रस म्हणाल तर जेमतेम, बियाच बिया. पाक करून, केशर घालून कशीबशी एक बाटली सरबत झालं. पण सालं? असली वासाची सालं कोण टाकेल? दिवाळीला चार महिने होते, तरी मी उटण्याची तयारी काढली. बाहेर ऑकलंडचा पाऊस, म्हणून सालं हीटपंपसमोर धोतरावर पसरली. हॉलमधून चालायची सोय नाही! श्रीकांत आठवडाभर भिंतीला चिकटून ये-जा करत होता. वाळल्यावर ती नागरमोथा, वाळा, गुलाबपाकळ्यांबरोबर एका डब्यात भरली. रविवारी दळायची होती.

शनिवारी इशिदा-सान परत आले. त्यांची बॅग दारात, तोवर मी सरबताचा ग्लास घेऊन हजर.

एक घोट घेतला. डोळे मिटले. "युझू?"

"नो नो, लेमन! युअर लेमन. मागच्या झाडाची. ऑल!"

त्यांनी ग्लास हळूच खाली ठेवला आणि नुसत्या मोज्यांवर मागच्या अंगणात गेले. झाडासमोर उभे राहिले. ओरडले नाहीत. अहो, ओरडले असते तर बरं झालं असतं!

मग मला शेडमध्ये नेलं. तो बंब बंब नव्हता. जिन गाळायचं भांडं होतं! इथे घरच्या घरी, स्वतःपुरती दारू गाळायला परवानगी आहे. फळीवर जिनमध्ये घालायच्या मसाल्यांच्या बरण्या मांडलेल्या. जुनिपर, हिरवा चहा, मीठ लावलेली साकुराची पानं, आपल्या तिरफळाच्या जातीतलं सान्शो आणि इथल्या रानातली कावाकावाची पानं. शेवटची बरणी धुऊन पुसून रिकामी ठेवलेली.

"युझूची सालं. युझू, जपानी फ्रूट. नॉट लेमन," ते म्हणाले. "झाड माय वाइफने लावलं. नऊ वर्षं फळ नाही. धिस इयर, फर्स्ट टाइम. सप्टेंबरमध्ये नाओमीचं लग्न. तिच्या आईच्या झाडाची जिन..."

मला इतकी लाज वाटली की विचारू नका. रडूच कोसळलं. आणि रडता रडता एकदम आठवलं. सालं! सालं आहेत की! दळली कुठेत अजून?

धावत जाऊन डबा आणला. झाकण उघडून त्यांनी वास घेतला. "व्हॉट इज धिस?"

"अंघोळीसाठी. फॉर बाथ."

ते पहिल्यांदा हसले. "जपानमध्येसुद्धा. हिवाळ्यात बाथमध्ये युझू टाकतो." मग एक बोट वर केलं. "वन. वन युझू."

मग काय! आमच्या डायनिंग टेबलावर इशिदा-सान चॉपस्टिक्स घेऊन बसले आणि सालीचा एकेक तुकडा निवडू लागले. आम्ही दोघं भुवयांच्या चिमट्यांनी. चार तास! श्रीकांतने एकदा फक्त माझ्याकडे पाहिलं. ते पाहणं मला पुरलं.

सालं सगळी मिळाली. पण आठवडाभर वाळ्याशेजारी राहिलेली सालं वाळ्याचा वास थोडीच सोडणार?

लग्नात जिन आली. मी एरवी घेत नाही, पण त्या दिवशी जीभ लावली. डोळे मिटले तर थेट दिवाळीची पहाट, पाटाभोवती रांगोळी आणि कानात गेलेलं तेल! मी ग्लास खाली ठेवला. पण लोक ग्लासात नाक खुपसून विचारत होते. एक दाढीवाला किवी तर पिच्छाच सोडेना, "धिस अर्थी थिंग, मेट, हा मातीचा वास कसला?"

इशिदा-सान गंभीरपणे म्हणाले, "नेबर."

नाओमीने मला सगळ्यांसमोर मिठी मारली. म्हणाली, आईला हे फार आवडलं असतं. चला, म्हटलं, सुटले एकदाची. माफी मिळाली!

या वर्षी झाडाला पुन्हा फळं धरली आहेत. मला चैन पडेना, म्हणून परवा कुंपणावरून डोकावले. जाळी आहेच. जाळीवर एक लाकडी पाटी लावली आहे, चक्क देवनागरीत: ‘हे लिंबू नाही. आधी विचारा.’

आमच्या अख्ख्या गल्लीत मराठी वाचणारी माणसं दोनच. एक मी. आणि दुसऱ्याचं अक्षर मी गेली वीस वर्षं वाणसामानाच्या यादीवर बघते आहे!