ड्रायव्हरमागची सीट

आमच्या कंपनीच्या बसमध्ये ड्रायव्हरमागची सीट युनियनच्या अध्यक्षांची, असा रिवाज. ते पिंपळे गुरवला चढायचे, चष्मा पुसायचे आणि चाकणपर्यंत अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांची चरित्रं वाचायचे. दोनदा निवडून आले होते. तिसऱ्यांदा उभं राहा म्हणून सगळे हात धुऊन मागे लागले, पण नाही म्हणजे नाही.

निवडणुकीनंतर नवा अध्यक्ष त्या सीटपाशी संकोचून उभा राहिला. यांनी त्याला खांदा दाबून बसवलं.

"अहो अध्यक्ष, तुमी बसा की!" ड्रायव्हर म्हणाला.

"अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष दोनदा झालं की घर खाली करतो. मला साधी बसची सीट सोडता येईना व्हय?"

बस भरलेली होती. दांडी धरून त्यांनी उभ्यानंच पुस्तक उघडलं. जागा द्यायला मी उठलो, पण हाक काय मारायची तेच कळेना. नाव कधी विचारलंच नव्हतं.