समोरच्या साहेबांचे मृत्यू

आमच्या समोरच्या दारातल्या साहेबांइतक्या वेळा मेलेला माणूस जर्मनीतल्या आमच्या अख्ख्या झिंडेलफिंगेन गावात सापडणार नाही, आणि इतक्या आनंदाने मेलेला तर जगात नसेल. साहेब अस्सल इंग्रज. सारी हयात इंग्लंडच्या टीव्हीवर नट म्हणून काढली, पण कुठल्याही रहस्यमालिकेत पहिल्या जाहिरातीपलीकडे काही जगले नाहीत. कधी विष, कधी सुरा, एकदा तर अंगावर पियानो. पुढे स्वतःच पटकथा लिहू लागले, तर तिथेही सवयीने आधी स्वतःलाच मारत. बायको जर्मन होती. ती गेल्यावरही तिच्याच फ्लॅटमध्ये राहिले. शेवटच्या दृश्यापर्यंत जिवंत असलेली एक तरी भूमिका करायची, एवढीच इच्छा राहिलीय, असं ते मला कॉफी पिताना सांगत.

प्रसंग करून पाहिल्याशिवाय त्यांना ओळ सुचत नसे. आमच्याकडे केअरवोखं असते, म्हणजे जिना झाडायची पाळी. ज्याची पाळी त्याच्या दाराला आठवडाभर पाटी. साहेबांच्या दारावर पाटी लागली की जिन्यात खून ठरलेला. अर्धा जिना झाडायचा, झाडूशी कडाक्याचं भांडायचं आणि छाती धरून कठड्यावरून घसरत वळणाच्या पायरीवर गतप्राण व्हायचं. पहिल्यांदा तळमजल्यावरच्या फ्राऊंनी, म्हणजे जर्मन बाईंनी, अँब्युलन्स बोलावली. दुसऱ्यांदा, पायऱ्या नीट पुसल्या नाहीत, एवढीच तक्रार केली. मग सगळेच त्यांना ओलांडून जाऊ लागले. आमची मुलगी जाताना ‘हालो’ म्हणे आणि प्रेत एक डोळा उघडून ‘हालो’ म्हणे.

अशात पुण्याहून आई आली. दुसऱ्याच दिवशी साहेब जिन्यात खरोखर पडले आणि खुबा मोडला. फ्राऊ त्यांना ओलांडून बाजाराला गेल्या. मुलीने घरात येऊन जर्मनमध्ये जाहीर केलं, की आज ते फारच छान मेलेत, हालोसुद्धा म्हणाले नाहीत. मी ऑफिसच्या कॉलवर होतो. आईला साहेबांचा हा उद्योग कुणी सांगितलाच नव्हता. ती भाजी आणायला म्हणून बाहेर पडली आणि ओल्या पायरीवर फतकल मारून, त्यांचं डोकं मांडीवर घेऊन बसली. तिची हाक ऐकून मी धावलो.

“अरे, माणूस पडलाय, आणि ओलांडून काय जाता?” ती म्हणाली. मी अँब्युलन्सला फोन लावला.

हॉस्पिटलमध्ये साहेबांनी नवी पटकथा लिहिली. म्हातारा जिन्यात पडतो, सगळे ओलांडून जातात, एक परकी बाई त्याचं डोकं मांडीवर घेते आणि तो जगतो. चॅनेलवाल्यांना ती आवडली, फक्त म्हातारा मरायला हवा होता. नाहीतर पटकथा परत. साहेब मला म्हणाले, “इतक्यांदा मेलो, पण डोकं कुणी मांडीवर घेतलं नव्हतं. तिथे मी मरणार नाही.” महिनोन् महिने ते हटले नाहीत. शेवटी चॅनेलवाले नमले, पण असल्या खुब्याने जिन्यात पडणार कसं, म्हणून भूमिका दुसऱ्या नटाला दिली.

तो भाग साहेबांनी आमच्याकडेच पाहिला. पुण्याला परतलेली आई फोनवर, व्हिडिओ कॉलवर होती. शेवटी म्हातारा उठून खिडकीशी गेला, तेव्हा साहेबांचे डोळे भरून आले होते. आईने विचारलं, हा कोण, आपले साहेब कुठेत? मी सगळं सांगितलं.

“असू दे दुसरा कुणी,” ती म्हणाली. “जिवंत कोण राहिलं, ते विचार त्यांना.”

मी ते इंग्रजीत सांगितलं. साहेब फोनजवळ सरकले आणि आईला दिसतील असे हात जोडले.

आता जिना शांत असतो. त्यांची पाळीही मीच करतो. वळणाच्या पायरीपाशी आलो की माझा पाय अजून आपोआप उंच उचलला जातो.