पाठमोरी द्रिका

माझ्या सासूबाई द्रिका लग्नात माहेराहून दोन गोष्टी घेऊन आल्या: एक गाय आणि चर्चमधला एक बाक. गाय दोन वर्षांत मेली. बाक टिकला, आणि बाकाचा तोराही टिकला.

बाक म्हणजे चर्चमधल्या शेगडीजवळ बसायचा घराण्याचा हक्क. आमच्या ब्राबांत प्रांतातल्या हिवाळ्यात त्या जागेची किंमत काय, ते मागच्या रांगेत पाय बडवत बसणाऱ्यांना विचारावं. सासूबाईंच्या वडलांना तो मिळाला आज्ञाधारकपणाबद्दल. १८८५ साली आमच्या गावात एक लाल दाढीचा चित्रकार राहत होता, दुसऱ्या पंथाच्या पाद्र्याचा मुलगा. देखणं असं त्याला काही चालतच नसे. त्याला हवे असत वाकलेले म्हातारे, राकट हातांच्या बायका, दिव्याखाली बटाटे खाणारी घरं. तेव्हाच्या फादरनी भर चर्चमध्ये बजावलं, "त्या चित्रकाराच्या समोर कोणीही बसायचं नाही!" गावाने एका कानाने ऐकलं, दुसऱ्याने सोडलं आणि चार नाण्यांसाठी रांगेने जाऊन बसलं. सासूबाईंच्या घरातलं मात्र कोणी गेलं नाही. म्हणून बाक त्यांना.

सासूबाई चौतिसाव्या वर्षी विधवा झाल्या. पाच पोरं आणि बटाट्याची दोन शेतं त्यांनी एकटीने ओढली. जीभ मात्र कधी थकली नाही. मी नवी नवरी असताना माझ्या हातची बटाट्याची सालं उचलून त्या म्हणाल्या होत्या, "नेल, एवढी जाड सालं फेकू नकोस. तुझ्या नवऱ्याच्या जोड्याला तळ लावू." चौदा वर्षं मी हे ऐकतेय. आणि दर रविवारी शेगडीजवळ बसून मागे वळून बघत त्यांचं एक वाक्य ठरलेलं, "आम्ही नाही हो बसलो कोणासमोर."

पुढे तो चित्रकार मेला, मग त्याचं नाव झालं, आणि ज्याला त्याला आपली आजी त्याच्या चित्रांत सापडू लागली. बटाटे खाणाऱ्यांच्या त्या चित्रात माणसं पाच. गावात त्यांची वारसदार घरं सदतीस. मी मोजलीयत.

गेल्या नोव्हेंबरात शहरातल्या एका संग्रहालयाचे साहेब चित्रांचे फोटो घेऊन आले. चित्रांतली माणसं कोण, ते विचारून त्यांना प्रत्येकाखाली नाव लिहायचं होतं. गावातल्या कॅफेत सगळ्यांना बोलावलं. ज्या कॅफेच्या दारातून जातानाही सासूबाई क्रुसाची खूण करायच्या, तिथे त्या चांगली शाल पांघरून निघाल्या.

"तुझी सोबत म्हणून येतेय," म्हणाल्या. वाटेत पुलाजवळ थांबल्या. "नेल, कोणाला सांगशील तर जीभ उपटीन. मी आहे त्यात."

"कशात, आई?"

"चित्रात ग! अठरा वर्षांची होते. बटाटे काढत होते, तो बांधावर येऊन उभा राहिला. फादर काय म्हणाले होते? समोर बसायचं नाही. मी बसले कुठे? आणि समोर तरी कुठे? मी त्याच्याकडे पाठ केली, वाकले आणि काम करत राहिले. तीन सकाळी. तिसऱ्या दिवशी बाबांची हाक आली नि मी टोपली घेऊन पळाले. त्याने काय काढलं ते मी बघितलंच नाही ग. एकावन्न वर्षं झाली."

"मग आज सांगून टाका की."

"आणि बाक? बाबांची अब्रू आहे त्यात. नुसतं बघायचं, गप्प बसायचं, घरी यायचं."

कॅफेत बिलियर्डच्या टेबलावर फोटो मांडले होते. आमचे आताचे फादरही कॉफी घेत कोपऱ्यात उभे होते. सगळ्यांत पुढे कोबा स्लेगर्स, हातात आईची रविवारची टोपी, फुलं-फितींचा हा डोंगर. "साहेब, ही माझी आई. नाक बघा, नाक!"

"त्या ही टोपी घालून बसल्या होत्या?"

"म्हणजे काय! टोपीशिवाय ती झोपायचीसुद्धा नाही."

साहेब खाकरले. "बाई, चित्रकाराला शेतकरी रविवारच्या कपड्यांत नको असत. भावाला पत्रांतून तसं कळवलंय त्याने. त्याला ठिगळंच आवडायची." कोबा टोपीसारखीच फुगली.

मग साहेबांनी शेवटचा फोटो ठेवला. जमिनीशी वाकलेली एक बाई, पाठमोरी. अर्धा कागद तिच्या बुडानेच व्यापलेला. कॅफे फिस्सकन हसला. कोणीतरी ओरडलं, "अरे, हे तर आमच्या गोठ्याचं दार!"

"हिचं नाव सांगता येईल कोणाला?"

सदतीस वारसदार घरं, पण या वारशाला कोणी पुढे येईना. सासूबाईंनी माझं मनगट पकडलं. नखं रुतली. रिकाम्या हाताने परत जाईल तर ती कोबा कसली! ती म्हणाली, "लिहा, साहेब. हीसुद्धा आमची आईच."

साहेबांनी पेनाचं टोपण काढलं.

"थांबा!" सासूबाई ओरडल्या. "ते माझं आहे!"

"काय तुमचं?"

"हे!" त्यांनी फोटोवर पंजाच ठेवला. "हे सगळं! डाव्या जोड्याला तार आहे बघा. जोडा तडकला होता, बाबांनी बांधून दिली. तीन वेढे."

साहेबांनी भिंग लावलं. लाकडी जोड्यावर तारेचे तीन वेढे होते.

"काय हे द्रिकाकाकू," कोबा म्हणाली, "असलं काही चारचौघांत कबूल करतं का कोणी?"

"तुझ्या आईने जन्मात एक बटाटा काढला नाही, कोबा. तिला अशी पाठ कुठून येणार?"

फादरनी कप खाली ठेवला. "आणि बाक, द्रिका?"

"मी बसले नाही, फादर. समोरही नव्हते." फादरना हसू आवरेना. पण सासूबाई हसल्या नाहीत. "मला कळतं. बाबांना मी फसवलं. बाक घ्या तुमचा. साहेब, नाव लिहा. द्रिका, शेवटी काना."

घरी येताना त्या रडल्या. मी त्यांना पहिल्यांदाच रडताना बघत होते. "किती नीट बघितलंय ग त्याने," म्हणाल्या. "जन्मभर सगळे माझं तोंडच बघत आले. मी किती राबते ते त्याला दिसलं." चौदा वर्षांत मला कधी दिसलं नव्हतं. मला माझीच लाज वाटली आणि तसं मी त्यांना सांगितलंही.

"असू दे," त्या म्हणाल्या. "सालं तेवढी पातळ काढ."

रविवारी फादरनी जाहीर केलं, "त्या चित्रकारासमोर ज्या घरातलं कोणीही बसलं नव्हतं, त्यांनी पुढे येऊन हा बाक घ्यावा." सदतीस घरं एकमेकांकडे बघत राहिली. परवाच तर त्यांनी साहेबांपुढे पुराव्यानिशी आज्या बसवल्या होत्या! कोबा दोनदा उठली आणि दोनदा बसली. शेगडी रिकाम्या बाकाला ऊब देत राहिली आणि सगळं गाव कुडकुडलं.

आम्ही दोघी शेवटच्या रांगेत होतो. माझे पाय बधिर झाले होते. मी कानात विचारलं, "आई, इथे फार गारठा आहे ना?"

सासूबाई पुढच्या रांगा एकेक करून न्याहाळत होत्या. "गारठा आहे," त्या म्हणाल्या. "पण इथून सगळ्या गावाच्या पाठी दिसतात, नेल. त्यातली एकही काढण्याजोगी नाही."