पुदिन्याचं कुंपण

मुंगीला भिणाऱ्या माणसांचा मला पहिल्यापासून तिटकारा. वाघाला भ्यावं, सापाला भ्यावं, अगदीच नाजूक प्रकृती असेल तर पालीला भ्यावं. मुंगी ही काय भ्यायची वस्तू आहे? बोट ठेवलं की संपली. म्हणून आई खाटेवर पडल्या पडल्या पहिल्यांदा म्हणाली, "मला मुंग्यांचं भ्या वाटतंय," तेव्हा मी चक्क हसले. ही बाई नळावर पाण्यासाठी अख्ख्या गल्लीशी एकटी भांडलेली. माझ्या वडिलांनासुद्धा कधी भ्याली नाही, आणि त्यांना तर कोल्हापुरातली सगळी मंगळवार पेठ टरकून असायची.

आईच्या डाव्या अंगावरून वारं गेलं त्याला आता वर्ष होत आलं. बोलणं शाबूत राहिलं. जीभ पूर्वीइतकीच चालते, त्यामुळं भेटायला येणारे "लई बऱ्या हायत की आता" असं म्हणून चहा पिऊन जातात. पण डावा हात आणि डावा पाय तिचे राहिले नाहीत. हलत तर नाहीतच, त्यांना काही कळतही नाही. डॉक्टरांनी डाव्या पायाला टाचणी टोचून बघितली, तेव्हा आई खिडकीबाहेर बघत होती. टोचून झाल्यावर तिनं विचारलं, "कवा टोचनार हाईसा?"

मी हसले तेव्हा आई चिडली नाही. तिनं मला आमच्या समोरच्या घरातल्या एका म्हातारीची हकिकत सांगितली. ही माझ्या जन्माआधीची गोष्ट, दादा आईच्या कडेवर होता तेव्हाची. ती म्हातारी अशीच अंथरुणाला खिळलेली. घरातली सगळी लग्नाला निघाली. म्हातारीच्या उशाशी पाण्याचा तांब्या आणि केळी ठेवली, बाहेरून कुलूप घातलं आणि गेली. दुपारी आईला आतून काहीतरी आवाज आल्यासारखं वाटलं, म्हणून तिनं वरवंट्यानं कुलूप फोडलं.

"जित्ती हुती गं," आई म्हणाली. "डोळं उघडं, आन पापण्यांवर मुंग्या. केळ्यावरनं निगून सरळ तोंडापतोर रांग. हात उचलून झटकायची बी ताकद न्हाय तिच्यात."

आईनं पदरानं म्हातारीचं तोंड पुसलं, मुंग्या झाडल्या आणि संध्याकाळपर्यंत तिथंच बसून राहिली. घरातली माणसं लग्नाचे लाडू घेऊन परतली आणि कुलूप फोडलं म्हणून आईशीच भांडली.

त्यानंतर मी हसले नाही. खाटेच्या चारी पायांखाली पाण्यानं भरलेल्या वाट्या ठेवल्या. तुपाचा डबा पाण्याच्या परातीत ठेवतो ना, तीच युक्ती. चादरीची टोकं गादीखाली खोचली, खाट भिंतीपासून हातभर पुढं ओढली. आणि सकाळ-संध्याकाळ आईच्या डाव्या अंगावरून पायाच्या बोटांपासून मानेपर्यंत हात फिरवून बघायचं, कारण त्या बाजूला काही चढलं तरी तिला समजणार नाही. एवढ्यात सगळं भागलं. एक मुंगी खाटेवर दिसली नाही. विषय तिथंच संपला असता, पण मला एक भाऊ आहे.

दादाचं शाहूपुरीत पाण्याच्या मोटारींचं दुकान आहे आणि दुकानावरच घर. शाहूपुरी ते मंगळवार पेठ म्हणजे काही परदेश नव्हे, पण दादा रविवारचा यायचा. आला की दारातच उभा राहायचा. आई समोर टक्क जागी असताना मला विचारायचा, "काय म्हनती तब्येत?" खाटेच्या जवळ यायचा नाही, बसायचा नाही, आणि खिशातला मोबाइल वाजला की त्याचा चेहरा उजळायचा. आईला मुंग्यांची भीती वाटते हे ऐकल्यावर तसाच उजळला. विकत आणून देता येण्यासारखं दुखणं सापडलं की पुरुषमाणसाला कोण आनंद होतो!

पुढच्या रविवारी पुदिन्याची कुंडी आली. वैनीला मोबाइलवर कुणीतरी पाठवलं होतं म्हणे, पुदिना असेल तिथं मुंगी फिरकत नाही. मग गवती चहा आला, झेंडू आला, त्यामागून दवणा आला. "उग्र वास सोसत न्हाय त्यास्नी," असं वैनी मला शिकवायची. शास्त्रज्ञच लागून गेली होती.

दवण्याचं मला नवल नव्हतं. जोतिबाच्या डोंगरावरून आणलेला दवणा वाळवून साड्यांच्या घड्यांत ठेवला की कसर लागत नाही, हे आमच्याकडं शेंबडं पोरही सांगेल. पण साडी आणि आई यांत फरक आहे. साडी घडी घालून कपाटात टाकली आणि वर्षभर बघितली नाही तरी चालतं.

आणि मी आंधळेपणानं नावं ठेवत नव्हते. ओट्यावर मुंग्यांची रांग लागली होती, तिच्या वाटेत पुदिन्याची पानं चुरगाळून टाकून बघितली. मुंग्या थबकल्या, मिशा हलवल्या आणि टीचभर वळसा घालून साखरेच्या डब्याकडं गेल्या. वास त्यांना आवडत नाही, हे खरं असेलही. आपल्याला तरी गल्लीच्या तोंडाचा कचरा कुठं आवडतो? म्हणून काय आपण घर सोडतो? नाक दाबून पलीकडून जातो. मुंगी आपल्यापेक्षा खुळी कशानं असेल?

तरी कुंड्या येत राहिल्या. दादानं त्या खाटेभोवती मांडल्या, एकीला एक चिकटून. झाडून काढायला जागा राहिली नाही. मी त्या बाहेर अंगणात न्यायला लागले, तर आई म्हणाली, "ऱ्हाऊ दे. लेकानं आणलंय." दारातूनच परतणारा लेक, त्यानं आणलेल्या कुंड्यांचं एवढं कौतुक! त्या दिवशी मी भांडी जरा जोरात आपटली.

खोलीत ऊन नाही. झाडं मलूल झाली. तेव्हा वैनीनं जे केलं ते फक्त कोल्हापूरची माणसंच करू जाणोत. तिच्या माहेरी, आजऱ्याकडं, झाडांना शेण, गोमूत्र, बेसन आणि गूळ कालवून घालतात. झाडं तरारतात, यात वाद नाही. पण आजारी माणसाच्या खोलीत शेणाचा वास कसा चालेल? म्हणून तिनं शेण वगळलं, गोमूत्र वगळलं. राहिलं काय? बेसन आणि गूळ. तेवढं पाण्यात कालवून तिनं बादलीभर आणलं आणि मुंग्या पळवणाऱ्या झाडांच्या बुडात तांब्या तांब्या ओतलं. आम्हाला रश्शात गूळ लागतो, चहात गूळ लागतो, आता मुंग्यांच्या बंदोबस्तातही गूळ!

"वैनी, गूळ?" मी म्हटलं.

"अवो वन्सं, त्यो मातीत जिरतोय की! वास झाडाचाच येनार."

आई कुंड्यांकडं बघत राहिली.

दुसऱ्या दिवसापासून रांगा लागल्या. काळ्या मुंग्या आल्या, मागून तांबड्या आल्या. अंगणातून उंबऱ्याखालून सरळ कुंडीपर्यंत. मी रोज सकाळी पुसून काढायची, कुंड्या खाटेपासून लांब सरकवायची, आणि वैनी आली की त्या पुन्हा जवळ ओढायची. "कुंपन तुटाय नगं," म्हणायची.

एवढा खटाटोप कशासाठी होता ते मग समजलं. वैनीच्या भाचीचं लग्न आजऱ्याला होतं. सकाळी निघायचं, रात्री परतायचं, आणि मीही चलावं असा आग्रह होता. म्हणजे वैनीला नटून मिरवता यावं म्हणून तिची पिशवी सांभाळायला कुणीतरी हवं होतं. मी सरळ सांगितलं, आईला सोडून मी येणार नाही.

"अगं, एका दिसाचा तर प्रश्न हाय," दादा म्हणाला. "दुपारी कामवाल्या मावशी डोकावून जातील. उशाला पानी ठिऊ, केळी ठिऊ. आन आता मुंग्यांची बी काळजी न्हाय, बघ की, कसं गच्च लावलंय!"

पाणी आणि केळी. मी आईकडं बघितलं. ती दादाकडं बघत होती. तो तेव्हा तिच्या कडेवर होता, पण त्याला काय आठवणार! माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. मी तोंड उघडणार तोच आई म्हणाली, "लग्नादिवशी सकाळी ये तू. मग बघू."

लग्नाच्या आदल्या संध्याकाळी वैनी येऊन कुंड्या खाटेला भिडवून गेली आणि जाताना गुळाचं पाणी ओतून गेली. सकाळी मी बघितलं तर गवती चहाची लांब पाती वाकून गादीला टेकली होती आणि पात्यावरून मुंग्यांची ये-जा सुरू होती. खाली माझ्या वाट्यांतलं पाणी जसंच्या तसं. पुलावरून जायला मिळालं तर पाण्यात कोण उतरतंय? मी कुंडी उचलायला वाकले.

"हात लावू नगंस," आई म्हणाली. "मला खुर्चीत बसीव. त्याला येऊ दे."

मी तिला चाकाच्या खुर्चीत बसवलं, खिडकीशी नेलं, अंगावरून हात फिरवून नीट बघितलं. तेवढ्यात बाहेर गाडी थांबली. दादा कडक इस्त्रीच्या पांढऱ्या कपड्यांत आत आला, अत्तराचा भपकारा सोडत. वैनी गाडीतच बसून राहिली.

"झालं का आवरून?" त्यानं मला विचारलं.

"जाईल ती," आई म्हणाली. "पर आदी तू हितं निज. माझ्या जागंवर."

"आई, काय खुळ्यागत! कापडं चुरगाळतील."

"निज म्हनतोय न्हवं मी! डावा हात हलवायचा न्हाय, डावा पाय हलवायचा न्हाय. झटकायचं न्हाय, काय न्हाय."

आईचा तो आवाज मी वारं गेल्यापासून ऐकला नव्हता. दादा हसत हसत आडवा झाला. वर पंख्याकडं बघत पडून राहिला. बाहेर वैनीनं हॉर्न वाजवला. "आनि किती वेळ?" तो म्हणाला. मी भिंतीला टेकून उभी होते, आणि खरं सांगते, मला मजा येत होती.

मग तो एकदम ओरडला आणि उठून बसला. पॅंट गुडघ्यापर्यंत वर ओढली, पिंढरी चोळायला लागला, चादर झटकली, उभा राहून पाय आपटले. पाय लागून झेंडूची कुंडी कलंडली. त्या ओल्या गोड मातीतून मुंग्या उसळल्या.

"कुटं चावली?" आईनं विचारलं.

"पायाला."

"कुटल्या?"

"डाव्या."

"तुला कळलं," आई म्हणाली. "मला कळत न्हाय."

दादा पॅंट धरून तसाच उभा राहिला. बाहेर पुन्हा हॉर्न वाजला. तो दारात गेला, "तू हो म्होरं" असं वैनीला सांगितलं आणि परत आत आला. आला तो थेट खुर्चीपाशी. खाली बसला, त्या पांढऱ्या कपड्यांनिशी, मुंग्यांच्या त्या राड्यात. आईच्या लुगड्याचा काठ जरा वर सारला आणि डाव्या पायाची बोटं एकेक करून बघायला लागला. मग टाच, मग घोटा, मग पिंढरी. नमस्काराखेरीज दादानं आईच्या पायाला हात लावलेला मी कधी बघितला नव्हता.

आई खिडकीबाहेर बघत होती.

"बघतोय का गं त्यो?" तिनं मला विचारलं.

"बघतोय," मी म्हटलं.