चौसष्टावं बेट, सेकंदाला तीस चित्रं

चष्मेवाल्याला पहिल्यांदा भेटणं हे येरागबाळ्याचं काम नव्हतं. त्याच्या बायकोचंच उदाहरण घ्या. चष्म्याची तुटलेली दांडी जोडून घ्यायला ती त्याच्या दुकानात शिरली. पाच मिनिटांचं काम. त्यानं तिला खुर्चीत बसवलं, तिच्या नाकावर ती दोन शेर वजनाची तपासणीची चौकट चढवली आणि एकामागून एक भिंगं सरकवत विचारायला सुरुवात केली, "हे बरं, की हे?" ती सांगते त्याप्रमाणे, ती आत गेली तेव्हा समोरच्या इमारतीला परांची बांधत होते. "हे बरं, की हे?" परांची उतरली. "आता? हे, की मघाचं?" समोरच्या गॅलरीत रांगणारं बाळ दप्तर घेऊन शाळेत जायला लागलं. शेवटी ती कळवळून म्हणाली, "अहो, तुम्हीच बरे. पण आता मला सोडा!" त्यानं त्यातलं पहिलं वाक्यच तेवढं ऐकलं. चार महिन्यांनी लग्न झालं. दांडी जोडायची राहूनच गेली.

तर असा हा माणूस. पन्नाशी ओलांडलेला, स्वतःचा चष्मा कपाळावर ठेवून घरभर शोधणारा. बाजारातून एक उशी आणायला सांगितली तर दोन आणून घरातल्या प्रत्येकाला दोन्हींवर झोपवून प्रश्न विचारणारा. बायको एका प्रयोगशाळेत तपासणीसाठी रक्त घ्यायच्या कामावर होती. ती म्हणायची, "मी दिवसभर लोकांचं रक्त काढते, आणि घरी आले की हे माझं आटवतात."

घरात तिसरी व्यक्ती म्हणजे आत्या. चष्मेवाल्याच्या वडिलांची धाकटी बहीण, वय वर्षं त्र्याहत्तर, शाळेत पस्तीस वर्षं भूगोल शिकवून निवृत्त झालेली. भाच्याला ती भिंग्या म्हणायची. सहा वर्षांपूर्वी तिचा घोटा मोडला आणि ती दीड महिना खुर्चीला खिळली, तेव्हा तिचं मन रमावं म्हणून भिंग्यानं टीव्हीला खेळाचं यंत्र जोडून एक खेळ लावून दिला. खेळात एक लहानसं शिडाचं जहाज, चारी बाजूंना समुद्र आणि त्यात विखुरलेली चौसष्ट बेटं. नकाशा नाही. ज्यानं त्यानं फिरून शोधायचं.

"नकाशाच नाही?" आत्या म्हणाली. "कसली बेजबाबदार माणसं! आण ती वही."

घोटा सांधला, पण आत्या काही खुर्चीतून उठली नाही. रोज संध्याकाळी दुकान बंद करून भिंग्या आला की दोघं सोफ्यावर बसत. सुकाणू, म्हणजे हातातला बटणांचा कंट्रोलर, आत्याकडे, पेन्सिलीला टोक करायचं काम भाच्याकडे. बेटाचा किनारा वहीत पुरा उतरल्याशिवाय ती नांगर उचलायची नाही. दुसरा कुणी हा खेळ महिन्याभरात संपवून मोकळा झाला असता. आत्यानं सहा वर्षांत तीन वह्या भरल्या, प्रत्येक पानावर उत्तर दिशेचा बाण आणि खाली प्रमाण. त्रेसष्ट बेटं झाली. राहिलं एक. सगळ्यात दूरचं.

आणि नेमकं तेव्हाच मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. 'करून घे, करून घे' म्हणून तिच्या मागे हात धुऊन लागलेला माणूस कोण, हे सांगायला नकोच.

ऑपरेशन झकास झालं. इतकं झकास, की आत्याला कपाटामागची जळमटं दिसायला लागली. "आत्यांचे डोळे सुधारले आणि आपल्या घरातली धूळ वाढली," असं बायको म्हणाली. डॉक्टरांनी परवानगी दिल्यावर आत्या मोठ्या उत्साहानं चौसष्टाव्या बेटाकडे निघाली आणि पाच मिनिटांत सुकाणू खाली ठेवून डोळे मिटून बसली.

"काय झालं गं?"

"डोक्यात कुणीतरी रवी फिरवतंय. समुद्र सरकत नाही रे, धक्के देत चालतो. पूर्वी नव्हता असा."

समुद्र पूर्वीही तसाच होता. पूर्वी आत्याच्या डोळ्यांत धुकं होतं, आणि त्या धुक्यानं सगळे धक्के पोटात घातले होते. आता एकेक धक्का लख्ख दिसत होता. तीन दिवस तिनं प्रयत्न केला, तीनही दिवस तिला मळमळलं. चौथ्या दिवशी तिनं वह्या कपाटात ठेवल्या. "जाऊ दे," ती म्हणाली. "त्रेसष्ट काही कमी नाहीत."

चष्मेवाल्याच्या दुकानातून, दिसत नाही अशी तक्रार घेऊन आलेला माणूस आजवर तसाच परत गेला नव्हता. आणि इथे घरच्याच माणसाला नीट दिसायला लागलं हीच तक्रार होऊन बसली होती, तीही त्याच्याच आग्रहामुळे. आत्याला ते शेवटचं बेट दाखवल्याशिवाय त्याच्या घशाखाली घास उतरेना. म्हणजे उतरत होता, पण चव लागत नव्हती.

त्यानं नवीन कन्सोल आणला. डबा एवढा मोठा, की बायकोनं विचारलं, "हा आपल्याकडे राहायला आलाय, की आपण त्याच्याकडे?" जुना खेळ नव्या यंत्रावर चढवला. फरक तर पडला. पूर्वी खेळ सुरू होईपर्यंत आत्याचा अर्धा कप चहा पिऊन व्हायचा, आता कप उचलेपर्यंत जहाज पाण्यात. पण जहाज हललं आणि आत्यानं डोळे मिटले.

"तोच समुद्र आहे, भिंग्या. घर बदललं म्हणून सासू बदलत नाही."

मग सुरू झाली तपासणी. चष्मेवाल्यानं एकेक सेटिंग बदलायचं, आणि सोफ्यावरच्या दोन बायकांना विचारायचं, "हे बरं, की हे?" टीव्हीत चित्र गुळगुळीत करण्याची एक सोय होती, ती चालू केली. धक्के कमी झाले, पण सुकाणू आज फिरवलं तर जहाज उद्या वळायला लागलं, आणि आत्यानं ते सरळ खडकावर घातलं. ती सोय बंद केली. खेळ बाहेर जोडलेल्या साठवणीच्या डबीतून कन्सोलच्या पोटात हलवला. काही नाही. रंग बदलले, केबल बदलली. "आता खोलीच बदलून बघा," बायको म्हणाली.

पण त्याला आता वेगळाच छंद लागला होता. नवं यंत्र जुन्यापेक्षा कितीतरी ताकदीचं, मग जहाज जुन्याच चालीनं का चालतं? धक्का म्हणजे नेमकं काय? त्यानं फोनमधली संथ चित्रीकरणाची सोय वापरली. ती एका सेकंदाची दोनशे चाळीस चित्रं घेते. टीव्हीवरचं जहाज चालताना त्यानं टिपलं आणि फोनवर एकेक चित्र पुढे सरकवत बसला. पहिलं चित्र, शीड जागच्या जागी. दुसरं, जागच्या जागी. असं आठ वेळा. नवव्याला शीड टुणकन पुढे. पुन्हा आठ वेळा ठप्प. दोनशे चाळीस भागिले आठ.

"तीस!" तो स्वयंपाकघरात धावत गेला. "सेकंदाला तीसच चित्रं! यंत्राची पळायची तयारी आहे, पण खेळच चालतोय!"

"अभिनंदन," बायको म्हणाली. "आता तो गॅस बारीक करा."

याचं कारण त्याला सांगितलं ते त्याच्याच एका गिऱ्हाइकानं. दोन गल्ल्या सोडून जुन्या खेळांचं दुकान चालवणारी ही बाई, चष्म्याचा नंबर दर वर्षी वाढवून घेणारी. खुर्चीत बसून भिंगं बदलून घेता घेता तिनं त्याची सगळी कहाणी ऐकली.

"काका, त्या खेळाला वेसण घातलीये," ती म्हणाली. "तो आला तेव्हा मोकळा होता. पण जुन्या यंत्राला झेपायचा नाही. कधी पस्तीस चित्रं, कधी बावीस. लोकांनी बोंब मारली. मग बनवणाऱ्यांनी अपडेट पाठवलं आणि तिसावर बांधून टाकला. ती वेसण अजून आहे."

"मग सोडायची कशी?"

"खेळाची मूळ डिस्क आहे ना तुमच्याकडे? मग खेळ पुसा, इंटरनेट तोडा, नुसत्या डिस्कवरून चढवा. अपडेट विचारलं तर नाही म्हणा. नव्या यंत्रावर मोकळा खेळ साठांनी पळतो की नाही बघा."

चष्मेवाला उठला तो थेट दुकान बंद करून घरी. बाईच्या नाकावर तपासणीची चौकट तशीच राहिली होती. ती चौकट तीच संध्याकाळी त्याच्या घरी आणून देऊन गेली.

खेळ पुसला, डिस्कवरून चढवला, फोननं मोजला. चौथ्या चित्रानंतर शीड हललं. साठ! त्यानं आत्याला हाताला धरून आणलं. आत्यानं एक डोळा किलकिला केला, मग दुसरा.

"अरे," ती हळूच म्हणाली, "हे पाणी आहे."

लाट येत होती आणि जात होती. मळमळ नाही, रवी नाही. आत्यानं वह्या मागवल्या, जुना प्रवास उघडायला गेली आणि पडद्यावर एक ओळ आली. हा प्रवास खेळाच्या पुढच्या आवृत्तीत नोंदवलेला आहे, इथे उघडता येणार नाही.



"म्हणजे माझी त्रेसष्ट बेटं बुडाली?"

"बुडाली नाहीत, आत्या. यंत्रात आहेत. पण ती उघडायला अपडेट लागतं. आणि अपडेट आलं की..."

"की रवी."

एका बाजूला मऊ समुद्र आणि रिकामी शिदोरी, दुसऱ्या बाजूला सहा वर्षांची कमाई आणि मळमळ. त्यानं जन्मभर हजारो लोकांना 'हे बरं, की हे?' विचारलं होतं. आज मात्र त्याला तोंड उघडवेना.

उत्तर आत्यानंच दिलं. "पहिल्यापासून जाऊ. आता तर माझ्याकडे नकाशे आहेत."

आणि ती गेली! प्रत्येक वळण पाठ, प्रत्येक खडक ओळखीचा. एका महिन्यात अठरा बेटं मागे टाकली. जेवायला हाक मारली तर "किनाऱ्याला लागले की येते" असं उत्तर यायचं. बायको तिला कप्तान म्हणायला लागली. एकोणिसाव्या बेटावर दीपगृह होतं. तिथला म्हातारा दिवा पेटवतो, मगच पुढची वाट दिसते, असं वहीत लिहिलेलं होतं. आत्या दीपगृहाशी गेली. म्हातारा नव्हता. दुसऱ्या दिवशी नव्हता, तिसऱ्या दिवशीही नव्हता.

जुन्या खेळांच्या दुकानातल्या बाईनं कपाळावर हात मारला. "हो की! मूळ डिस्कमध्ये तो म्हातारा येतच नाही कधीकधी. ती चूक त्याच अपडेटमध्ये सुधारली."

"म्हणजे ज्यांनी वेसण घातली..."

"त्यांनीच म्हातारा आणला. दोन्ही एकाच पुडीत, काका. एकच हवं म्हणून भागत नाही."

त्या संध्याकाळी चष्मेवाला सोफ्यावर असा बसला होता, की जणू दीपगृहाचा म्हातारा त्याचाच कुणी लागत होता. आत्यानं वही मिटली. मग म्हणाली, "भिंग्या, एक सांग. जहाज थांबलेलं असताना पाणी धक्के देतं का?"

त्यानं विचार केला. त्यानं फोन काढला. अपडेट परत चढवलं, जुना प्रवास उघडला, नांगर टाकला, मोजलं. "पाणी देतंच गं. पण अगदी कोपऱ्यात. किनारा, डोंगर, झाडं सगळी गप्प उभी असतात."

"मग मी बघायला कशाला हवी चालताना? पस्तीस वर्षं मी पोरांकडे तोंड आणि नकाशाकडे पाठ करून शिकवलंय. तू चालव."

आत्यानं आपली खुर्ची फिरवून टीव्हीकडे पाठ केली, तिसरी वही मांडीवर उघडली आणि सुकाणू पहिल्यांदाच भाच्याच्या हातात गेलं. सहा वर्षं तो शेजारी बसला होता, पण त्याला टोक करण्यापलीकडे काही येत नव्हतं.

"त्रेसष्टाव्याच्या दक्षिण टोकावरून नैर्ऋत्येला. गेलास?"

"गेलो."

"डाव्या हाताला दोन सुळके दिसतात?"

"एक दिसतोय."

"मग तू वायव्येला गेलास, गाढवा. माझ्या वर्गात असतास तर बाकावर उभा केला असता."

"अहो, वळा ना," बायकोनं दारातून साथ दिली. "मला पहिल्या भेटीत दोन तास फिरवलंत, जहाज नाही फिरवता येत?"

दोनदा खडकावर आपटून, एकदा तर परत बासष्टाव्या बेटावर पोचून, चौथ्या संध्याकाळी कुणी न पाहिलेला किनारा समोर आला. चष्मेवाल्यानं नांगर टाकला. जहाज पूर्ण थांबेपर्यंत त्यानं आत्याला मान फिरवू दिली नाही. मग म्हणाला, "बघ आता."

आत्यानं खुर्ची फिरवली, पेन्सिल उचलली आणि ताज्या डोळ्यांनी नीट बघितलं. बेट लहान होतं, किनारा आठ मिनिटांत काढून झाला. त्यावर एक विहीर होती आणि दोन बकऱ्या. विहिरीत पाणी नव्हतं.